पन्नास सेकंदांचे हात

मेहरंगीज घरी आली तेव्हा मलीहे स्वयंपाकघरात फरशीवर वर्तमानपत्र पसरून भाजी निवडत बसली होती. मेथी, कोथिंबीर आणि पातीचा हा एवढा ढीग होता. युद्धाच्या आघाडीवर पडलेल्या पोरांचे फोटो असलेलं पान तिनं उलटं घातलं होतं, त्यांच्या तोंडावर माती पडायला नको म्हणून.

"मिळाली परवानगी?" तिनं मान वर न करताच विचारलं.

"मिळेल. सेन्सॉरच्या अकरा हरकती आहेत."

"अकराच? माझा भाव उतरला म्हणायचा. शहाच्या वेळी एकोणीस होत्या."

"त्या एकोणीस मातीच्या घरांना होत्या, बाईसाहेब. या अकराच्या अकरा तुला आहेत."

मलीहे हसली. हसताना ती अजून नटीच दिसायची, पण ते बघायला आता घरात मोठी बहीण आणि शेगडीवरची किटली एवढीच मंडळी उरली होती. मेहरंगीजनं डोक्यावरचा रुमाल काढला, कागद उघडला आणि वाचून दाखवला. पहिली हरकत, नायिकेचे केस. दुसरी, नायिकेचं हसणं. तिसरी, नायिका नवऱ्याकडे बघते ते. चौथी, नवरा तिच्याकडे बघतो ते. दहाव्या हरकतीपर्यंत नायिका पूर्ण संपली होती. अकरावीत लिहिलं होतं, 'स्त्रीदेहाचं दर्शन घडवणारे इतर प्रसंग, योग्य वाटेल त्याप्रमाणे.'

"म्हणजे मी गेलेच," मलीहे म्हणाली. तिनं एक पिवळं पान काढून बाजूला टाकलं. मग अगदी हलक्या आवाजात म्हणाली, "आबजी, माझं एखादं बोट तरी ठेव त्यात."

मोठ्या बहिणीला ती लहानपणापासून आबजी म्हणायची. पण असं काही मागताना ती हाक वेगळीच लागते, आणि मेहरंगीज ती ऐकून न ऐकल्यासारखी चहा गाळायला उठली.

'खारी विहीर' हा चित्रपट मेहरंगीजच्या नवऱ्यानं, इरजनं, दहा वर्षांपूर्वी केरमानच्या वाळवंटाकडेच्या एका गावात केला होता. जमिनीखालून पाण्याचे बोगदे खणणारा एक माणूस, त्याची बायको आणि गोडं पाणी लागेल या आशेवर जगणारं गाव, एवढीच गोष्ट. बायको झाली होती मलीहे. चित्रपट कापला, जोडला मेहरंगीजनं. घरचाच कारखाना होता म्हणा ना.

तेव्हा इराणात शहाचं राज्य. सेन्सॉरच्या कचेरीत रेशमी टायवाला साहेब असायचा, चहाबरोबर पिस्त्याची बिस्किटं असायची. साहेबाला बायकांच्या केसांचं काही वाटत नव्हतं; केस जेवढे दिसतील तेवढा देश पुढारलेला. त्याला सलत होती ती मातीची घरं आणि डोळ्यांना माश्या चिकटलेली मुलं. पण हे तो बोलायचा मोठ्या गोडीनं. "हा काही हुकूम नव्हे, इरज-जान. चित्रपट तुमचा आहे. तुम्हाला योग्य वाटेल तसं करा."

आता आमच्याकडे असं बोलणं म्हणजे काय, हे शेंबड्या पोरालाही कळतं. आमच्याकडे तारोफ चालतो. पाहुण्याला चहा विचारला की तो नको म्हणतो. पुन्हा विचारलं की पुन्हा नको म्हणतो. तिसऱ्यांदा विचारलं की घेतो, आणि मग तीन पेले पितो. यजमान 'जेवूनच जा' म्हणतो तेही दोनदा नुसती रीत म्हणून. तिसऱ्यांदा म्हणाला तर ते खरं. दोनदाचं बोलणं जो खरं धरून बसतो त्याला लोक खेडवळ म्हणतात आणि पाठ वळली की हसतात.

इरज बिचारा सरळ माणूस. सरळ माणसाला समोरचाही सरळच बोलतोय असं वाटतं. साहेब म्हणाला योग्य वाटेल तसं करा, म्हणून यानं त्याला योग्य वाटलं तसं केलं. घरं ठेवली, मुलं ठेवली, माश्याही ठेवल्या. आठव्या दिवशी त्याला उचलायला पोलिसांची गाडी आली. सात महिन्यांनी इरज परत आला तो रक्त ओकतच आला, आणि क्रांती व्हायच्या दोन हिवाळे आधी गेला. शेवटच्या दिवसांत तो एकदा म्हणाला, "मेहरी, तो एकदाच म्हणाला होता गं. मला मोजता यायला पाहिजे होतं." चित्रपट तळघरात पडून राहिला.

मग क्रांती झाली. मेहरंगीजनंही घसा फाटेपर्यंत घोषणा दिल्या होत्या, उगाच खोटं कशाला बोला. तिला वाटलं होतं, आता इरजचे फिल्मचे डबे तळघरातून वर येतील. डबे वर यायला पाच वर्षं लागली. मातीच्या घरांना आता मानाचं पान होतं. शहानं गरिबांचे काय हाल केले ते दाखवायला नव्या कचेरीला अशी घरं हवीच होती. फक्त त्या घरात बाई नको होती.

आणि मलीहे? तिनं नऊ चित्रपट केले. आठ नाचगाण्यांचे, ज्यांच्या प्रती जाळल्या गेल्या, आणि एक हा. तिला बोलावून 'यापुढे पडद्यावर दिसणार नाही' असं लिहून घेतलं होतं. घरोघर झडत्या सुरू झाल्या त्या हिवाळ्यात तिनं स्वतःचे सगळे फोटो स्वतःच्या हातानं न्हाणीघरात जाळले. एका पिशवीभर तोंडांची बादलीभर राख झाली. आता ओळखपत्रावरचा फोटो तेवढा होता, आणि त्यात आपण पाकीटमार दिसतो असं ती म्हणायची. शेजारणींचे कपडे शिवून द्यायची. कुणी ओळखलं तर "नाही हो, माझ्यासारखी दिसायची ती, गेली अमेरिकेला" असं सांगायची. आणि हे सांगताना तिला मजा यायची, निदान ती तसं दाखवायची.

मेहरंगीज कामाला बसली. पांढरे हातमोजे चढवले, मेणाच्या पेन्सिलीनं खुणा केल्या आणि बहिणीला कापायला लागली. तीस वर्षं हेच काम केलेली बाई. ती कुठे कापते ते कळत नाही अशी तिची ख्याती होती, आणि खरं सांगायचं तर तिला त्याचा गर्वही होता. पाचव्या दिवशी तिच्या ध्यानात आलं की चित्रपट बाईवाचून उभा राहतोय. विहीर खणणारा आता बायकोकडे बघत नव्हता, क्षितिजाकडे बघत होता. बायकोनं दिलेला पाण्याचा तांब्या आता आपोआप ओट्यावर आलेला होता. एकटा, दुःखी, मोठा माणूस वाटत होता तो. मेहरंगीजला स्वतःच्या कसबाची किळस आली, पण हात थांबले नाहीत.

मलीहेचा आवाजसुद्धा ठेवण्यात अर्थ नव्हता, कारण तो तिचा नव्हताच. त्या काळी सगळेच आवाज मागाहून भरायचे. मलीहेच्या तोंडी दुसऱ्याच एका बाईचा आवाज होता. चित्रपटात तिचं असं जे होतं ते सगळं डोळ्यांनी बघायचंच होतं.

उरले हात. पन्नास सेकंदांचे. तो प्रसंग इरजनं लिहिलेला नव्हता. चित्रीकरणाच्या गावी एकदा दुपारी मलीहे सगळ्यांच्या जेवणासाठी भाजी निवडत बसली होती, बाह्या सारून, आणि इरजनं तिला न सांगता कॅमेरा चालू केला. चेहरा नाही, केस नाहीत. नुसते हात. देठ खुडतात, माती झटकतात, उजव्या अंगठ्यावर लहानपणीच्या विळीचा व्रण आहे, आणि शेवटी एक खडा सापडतो तो क्षणभर बोटांत फिरवून बाजूला टाकतात. बस. पण अख्ख्या चित्रपटात माणसाचं घर म्हणून जे काही होतं, ते त्या पन्नास सेकंदांत होतं.

"हात ठेवते," मेहरंगीजनं घरी येऊन सांगितलं. "एक बोट मागितलंस ना? दहाच्या दहा ठेवते."

जेवण झाल्यावर मलीहेनं बहिणीचा हात ओढून त्याला क्रीम लावलं आणि म्हणाली, "हात न दुखोत तुझे." कुणी काही केलं की आम्ही हेच म्हणतो. भाकरी वाढली तरी म्हणतो, पण त्या दिवशी तिनं ते मनापासून म्हटलं.

अडचण एकच होती. बाह्या मनगटापासून चार बोटं वर होत्या. मनगटापर्यंत चालतं, त्याच्यावर चालतं की नाही ते अकराव्या हरकतीत बसलेल्या माणसाच्या मनावर. म्हणून मेहरंगीज विचारायला गेली.

अकराव्या हरकतीतला माणूस म्हणजे तवस्सोली आगा. काशानच्या शाळेत पूर्वी व्याकरण शिकवायचे. विटका कोट, दोन दिवसांची दाढी, समोर चहा आणि खडीसाखर. बायकांशी बोलताना नजर टेबलावर. ते म्हणाले, "कोणते हात, भगिनी? ते भाजी निवडणारे? आठवतात मला. घरातली बाई काम करतेय. राहू द्या. हरकत नाही."

'हरकत नाही' हे शब्द कचेरीत मेहरंगीजनं आयुष्यात प्रथमच ऐकले होते.

"नको आगा," ती रीतीप्रमाणे म्हणाली. "एवढ्याशा तुकड्यापायी तुमच्याकडे कुणी बोट दाखवायला नको. काढून टाकते मी."

"अहो नाही, नाही. खरंच राहू द्या. चांगला आहे तो."

"तुमचा मोठेपणा आहे हा. पण बाह्या जरा वर आहेत. तुम्हाला उगाच संकोच."

हे दुसऱ्यांदा झालं होतं. आता तिसऱ्यांदा तो म्हणेल, आणि मग आपण मान झुकवून आभार मानू, असं तिनं मनाशी योजलं होतं. तेवढ्यात बाहेर दुपारची अजान सुरू झाली. तवस्सोली आगा उठले, कोट काढून खुर्चीवर टाकला, नमाजाआधी तोंडहात धुवायला म्हणून स्वतःच्या बाह्या कोपरापर्यंत सारल्या आणि दाराकडे जाता जाता म्हणाले, "बरं मग, चित्रपट तुमचा आहे, भगिनी. तुम्हाला योग्य वाटेल तसं करा."

तेच शब्द. दहा वर्षांनी, टाय उतरवून, दाढी वाढवून तेच शब्द परत आले होते.

दोन दिवस तिनं त्या तुकड्याला हात लावला नाही. तिसऱ्या दिवशी तो टेबलावर घेतला आणि चारदा पुढेमागे फिरवून बघितला. दोनदाच म्हणाला. तिसऱ्यांदा म्हणायचं टाळलं. वर योग्य वाटेल तसं करा म्हणाला. इरजला मोजता आलं नाही म्हणून इरज गेला. मला मोजता येतं. हात ठेवले आणि उद्या कुणी बाह्यांकडे बोट दाखवलं, तर पुन्हा अख्खा चित्रपट तळघरात. इरज दुसऱ्यांदा मरेल. असं तिचं मन बोलत होतं, आणि ते मन मूर्ख नव्हतं, शिकलेलं होतं. शिकवणाऱ्यांनी शिकवलंच तसं होतं.

तिनं कापलं. खडा बोटांत फिरतो तिथून मागे, पहिल्या देठापर्यंत. जोड असा बसला की स्वतः तिलाही दिसेना.

तुकडा लपवता आला असता का? पूर्वी शहाच्या वेळी दुसऱ्या चित्रपटांचे तुकडे तिनं तांदळाच्या डब्यात ठेवले होते. पण आता नियम असा होता की कापलेलं निगेटिव्ह मोहोरबंद डब्यात जमा करायचं, आणि मूळ लांबीशी मीटर न मीटर जुळलं पाहिजे. ते तुकडे पुढे फिल्मवरची चांदी काढायला धुतले जात, की चित्र पुसलंच. मलीहेचं तोंड, मलीहेचे केस, मलीहेचं हसणं आणि सगळ्यांत वर मलीहेचे हात, असा डबा भरला. मेहरंगीजनं स्वतः झाकण लावलं.

घरी काही सांगितलं नाही. मलीहे रोज विचारायची, "कसे दिसतात गं माझे हात? म्हातारे नाही ना दिसत?"

"दहा वर्षांपूर्वीचे आहेत ते. म्हातारे कशाला दिसतील?"

"हो की," मलीहे म्हणायची आणि स्वतःच्या आताच्या हातांकडे बघायची.

तीन आठवड्यांनी कचेरीच्या छोट्या सभागृहात अंतिम प्रत दाखवली. तवस्सोली आगा पहिल्या रांगेत, मेहरंगीज चार खुर्च्या सोडून. निम्मा चित्रपट झाल्यावर ते चुळबुळायला लागले. दिवे लागले तेव्हा त्यांनी पहिल्यांदाच तिच्या तोंडाकडे सरळ बघितलं.

"ते हात कुठे गेले?"

मेहरंगीजला वाटलं, ही परीक्षा आहे. "काढले, आगा."

"काढले? का? मी राहू द्या म्हटलं होतं ना? एकदा नाही, दोनदा म्हटलं."

"दोनदाच म्हटलंत, आगा," ती म्हणाली.

दोघंही इथलीच माणसं. आणखी फोड करून सांगायची गरज नव्हती.

"अहो, मी म्हणणार होतो. अजान झाली," तवस्सोली आगा म्हणाले. "माझी आई वसंतात गेली. अशीच भाजी निवडायची. अशाच बाह्या. खडा सापडला की असाच फिरवून बघायची, जसा काही नीलमच सापडलाय. घरी बायकोला सांगितलं होतं मी, एक चित्रपट येतोय, त्यात आईचे हात आहेत. जोडा परत. आजच जोडा. मी लिहून देतो."

"निगेटिव्ह डब्यात होतं."

त्यांनी धावत जाऊन फोन केला. खालच्या कोठारातल्या माणसाशी बराच वेळ ओरडून बोलले. परत आले तेव्हा त्यांच्या हातात परवानगीचा कागद होता, दुसरं काही नव्हतं. डबा मंगळवारी धुवायला गेला होता.

"चहा घ्या, भगिनी," ते म्हणाले.

"नको."

"घ्या हो."

"नको."

"खरंच घ्या," ते तिसऱ्यांदा म्हणाले, आणि त्यांचे डोळे भरून आले. मेहरंगीजनं चहा घेतला नाही. कागद पर्समध्ये घातला. मागून तवस्सोली आगा काहीतरी चांगलं बोलायचं म्हणून बोलले, "जोड मात्र कुठेच कळत नाही. हात न दुखोत तुमचे."

चित्रपट लागला. दुपारी चारच्या खेळाला दोघी बहिणी गेल्या. मेहरंगीजनं आदल्या दिवशी सांगायचं ठरवलं होतं, सकाळी सांगायचं ठरवलं होतं, टॅक्सीत सांगायचं ठरवलं होतं. मलीहेनं सकाळी नखं कापली होती, एकसारखी, बारकाईनं, जणू हातांना कुणी बघायला येणार आहे. ते बघून मेहरंगीजची जीभ टाळ्याला चिकटली ती चिकटलीच.

थिएटर भरलं होतं. डोक्यापासून पायापर्यंत काळी चादर ओढलेल्या मलीहेला कुणी ओळखलं नाही. पडद्यावर वाळवंट आलं, मातीची घरं आली, माश्या आल्या. लोक चुकचुकले. मलीहे पुढे सरकून बसली.

"आता?" तिनं कुजबुजून विचारलं.

"अजून वेळ आहे."

विहीर खणणारा वर आला. ओट्यावरचा तांब्या उचलून पाणी प्यायला. घरात शिरला. जेवणासाठी जमिनीवर अंथरलेल्या सुफऱ्यावर भाकरी होती, निवडलेली हिरवी भाजी होती. ती कुणी निवडली, हा प्रश्न त्या शेकडो माणसांत एकालाही पडला नाही. एवढं नीट काम झालं होतं.

"आता का?"

मेहरंगीज पडद्याकडेच बघत राहिली. मलीहेनं मग विचारायचं सोडलं. पण शेवटच्या रिळापर्यंत ती तशीच पुढे सरकून बसली होती. माणूस विहिरीत गाडला गेला, लोक हुंदके देऊन रडले, दिवे लागले, टाळ्या पडल्या. कुणीतरी ओरडलं, शहाचा धिक्कार असो. मलीहे आपल्या मांडीवरच्या हातांकडे बघत होती.

"तेही काढले," ती म्हणाली.

"हो."

"कुणी? त्या तवस्सोलीनं?"

आता सांगायला हवं होतं. मेहरंगीजनं तोंड उघडलं. तिला इरज आठवला, अजान आठवली, डब्याचं झाकण आठवलं. सांगितलं तर उरलेल्या आयुष्यात या बाईच्या समोर बसून रोज भाजी निवडायची होती.

"हो," ती म्हणाली. "त्यानंच."

मलीहेनं चादरीचं टोक दातांत धरलं, सोडलं आणि अगदी शांतपणे म्हणाली, "ज्यानं कापलं त्याचे हात झडोत. पाण्याचा पेलासुद्धा तोंडाशी न्यायला न उरोत."

मग तिनं वळून मेहरंगीजचा उजवा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. तो बर्फासारखा गार होता. ती तो चोळू लागली, एकेक बोट, अंगठ्यापासून करंगळीपर्यंत, लहान मुलाचा हात चोळतात तसा.

"आणि तुझे न दुखोत, आबजी," ती म्हणाली. "तू तरी शेवटपर्यंत माझ्यासाठी भांडलीस."

मेहरंगीजनं हात काढून घेतला नाही. पुढच्या खेळाचे लोक आत यायला लागेपर्यंत दोघी तशाच बसून राहिल्या.